एका खाटेची दोन नावं

माझा स्वभाव तापट आहे. शाळेत हे सगळ्यांना माहीत आहे, घरी तर आहेच. त्यामुळे लॉकडाउन लागल्यावर झोन ऑफिसमधून फोन आला आणि पलीकडचा माणूस म्हणाला, "बेन, तुमची शाळा बेघर लोकांच्या निवाऱ्यासाठी घेतोय, दिवसाची ड्यूटी तुमची," तेव्हा मी आधी त्याच्यावर खेकसले आणि मग हो म्हणाले. माझा होकार नेहमी याच क्रमाने येतो.

आमची शाळा सुरतेतल्या लिंबायतमधली, मराठी माध्यमाची, महानगरपालिकेची. मुलं बहुतेक खानदेशी, थोडी मराठवाड्याकडची आणि विदर्भातली. त्यांचे आईबाप लूमवर, साड्यांच्या मार्केटात किंवा बांधकामावर. मी याच वस्तीत वाढले. याच शाळेत शिकले आणि याच शाळेत शिकवते, म्हणजे एका परीने मी नापास होऊन तिथेच राहिले आहे, असं माझे वडील चारचौघांत सांगतात.

चोवीस तासांच्या आत पालिकेने शाळेचं रूप बदललं. मला खरं सांगायचं तर सरकारी कामाबद्दल फार आशा नव्हती. पण सकाळी मंडपवाल्याचा टेम्पो गाद्या घेऊन आला. सुरतेत मंडपवाल्याशिवाय कुठलंच मोठं काम होत नाही. मग पाण्याचा टँकर आला, साबणाची खोकी आली, दोन सफाई कामगार आले आणि त्यांनी संडास असे घासले की आमच्या मुलांसाठी आजवर असे कधी घासलेले मी पाहिले नव्हते. मला हेवाच वाटला. आरोग्य खात्याची एक नर्स आली, तिच्या हातात ताप बघायची बंदूक. मी खडू घेतला आणि खालच्या चार वर्गांच्या फरशीवर चौकोन आखले, दोन चौकोनांत दोन हातांचं अंतर ठेवून. अठ्ठेचाळीस चौकोन झाले. प्रत्येकात मोठ्या अक्षरात नंबर घातला. पंचवीस वर्षं फळ्यावर लिहिलेल्या हाताने घातलेले ते नंबर होते, चुकून वाकडे आले नाहीत.

आबा, म्हणजे माझे वडील, त्या सकाळी ओट्यावर बसून मला निघताना बघत होते. चौऱ्याण्णवच्या प्लेगच्या वर्षी ते इथेच होते. तेव्हा निम्मं शहर स्टेशनाकडे धावलं होतं आणि कोण कुठे झोपतंय हे विचारायला कोणी मागे राहिलं नव्हतं, असं ते सांगतात. "आते इचारतस तरी," ते म्हणाले. आता विचारतात तरी. मला तेव्हा त्या वाक्यात काही विशेष वाटलं नाही.

दुपारपासून गाड्या यायला लागल्या. पुलाखालून, दुकानांच्या पायऱ्यांवरून, बंद पडलेल्या बस स्टँडवरून माणसं आणत होते. भीक मागणारे थोडे होते, एक म्हातारी होती जी माझ्याशी फक्त भांडत असे. पण जास्त करून कामाची माणसं होती. लूम बंद, मेस बंद. इथल्या मेसमध्ये कामगार जेवतात आणि भाड्याच्या खाटेवर झोपतातही, त्या मेसवाल्यांनी खोल्यांना कुलूप घातलेलं. काल-परवापर्यंत बारा तास काम करणारा माणूस आज बेघर म्हणून रांगेत उभा होता आणि त्याला तो शब्द लागू पडत नव्हता, हे त्याच्या उभं राहण्यावरूनच कळत होतं.

मी फाटकाजवळ टेबल मांडून नावं लिहीत होते. पन्नाशीचा एक खानदेशी माणूस आला. पांढरी टोपी, हातात पत्र्याची पेटी. नाव सांगितलं, गाव सांगितलं, आणि म्हणाला, "बेन, एक खाट लिखा." मी म्हटलं, खाट नाही, गादी आहे, एकतीस नंबर. तो म्हणाला, चालेल. त्याच्या मागे एक हडकुळा माणूस पिशवी घेऊन होता. मी मान वर करेपर्यंत दोघं बरोबरच आत गेले. मला वाटलं, पेटी उचलायला मदत करतोय. मागे पंधरा-वीस माणसं उभी होती, ऊन डोक्यावर होतं, मी पुढच्याचं नाव विचारलं.

तिथे माझी चूक झाली. ती मला कळायला बारा दिवस गेले.

ते बारा दिवस मी फार खुशीत होते, हे लपवण्यात अर्थ नाही. रोज सकाळी आठला जायचे, चारला दुसरे एक सर यायचे, मग रात्री वॉचमन. सकाळी चहा-बिस्किट, दुपारी खिचडी नाहीतर पुरी-शाक, यादीत जितकी नावं तितकी पाकिटं. आठवड्यात एकदा न्हावी आला. भांडखोर म्हातारीला सुद्धा नवं लुगडं मिळालं, तर तिने रंगावरून भांडण काढलं. मी घरी येऊन आबांना सगळं सांगायचे, आणि सांगताना माझा आवाज चढायचा. आमच्या वस्तीत रात्री फुटपाथवर एकही माणूस झोपत नाही, असं मी म्हणायचे. सरकारने केलं आणि आपण केलं, यात मला फरक वाटेनासा झाला होता.

एकतीस नंबरवर दिवसभर एक माणूस तोंडावर पंचा घेऊन झोपलेला असायचा. मी त्याला मनातल्या मनात आळशी म्हणायचे. टोपीवाला खानदेशी बाहेर व्हरांड्यात बसलेला दिसायचा, त्याचं गणित मी दुसऱ्याच कुठल्या तरी नंबराशी जोडलेलं होतं. चारला येणारे सर एकदा म्हणाले, "तुमची काही माणसं रात्रभर व्हरांड्यात जागी बसतात." मी म्हटलं, उकडत असेल.

तेराव्या दिवशी नर्सने ते पकडलं. बोटाला चिमटा लावून ऑक्सिजन बघायचं यंत्र आलं होतं. सकाळी एकदा आणि दुपारी एकदा बघायचं, वहीत लिहायचं. दुपारची फेरी चालू असताना ती एकतीस नंबरपाशी थांबली, झोपलेल्या माणसाचा हात उचलला, आणि मला म्हणाली, "बेन, सकाळी तुमच्या एकतीस नंबरचा अंगठा अर्धाच होता. आता पूर्ण कसा झाला?"

मला आधी कळेचना. मग टोपीवाला व्हरांड्यातून उठून आला. त्याचा उजवा अंगठा लूममध्ये गेलेला होता, पहिल्या पेराशी तुटलेला. तो एकतीस नंबरच्या चौकोनाजवळ उभा राहिला. गादीवरचा माणूस पंचा बाजूला करून उठून बसला. पहिल्या दिवशी पिशवी घेऊन आत गेलेला तो हडकुळा माणूस.

माझ्या डोक्यात तिडीक गेली. मी भर वर्गात दोघांवर ओरडले. एकेक माणूस अंतर ठेवून झोपावा म्हणून मी गुडघे फुटेस्तोवर चौकोन आखले आणि तुम्ही एका गादीवर दोघं! दोघांतल्या एकाला ताप आला तर काय? यादीत नाव नाही तर जेवायला काय मिळत होतं तुला?

"निम्मं निम्मं खातो," हडकुळा माणूस म्हणाला.

बारा दिवस. एका पुरी-शाकात दोन माणसं. मी ओरडणं थांबवलं, कारण पुढे ओरडायला काही राहिलं नव्हतं.

त्याने पिशवी उचलली होती. भांडण नाही, विनवणी नाही. "बाई, जातो मी," तो म्हणाला. तो मराठवाड्याकडचा होता, बोलण्यावरून कळलं. "माझं नाव न्हाई लिहिलेलं. खाट त्यायच्या नावावर हाय. इथंबी आणि तिकडंबी."

तिकडं म्हणजे मेसमध्ये. मी टोपीवाल्याकडे पाहिलं. तो म्हणाला, अकरा वर्षं झाली. तो स्वतः दिवसपाळीला, हा रातपाळीला. सकाळी सातला एक यायचा, दुसरा जायचा. संध्याकाळी सातला उलट. खाट एक, मेसच्या वहीत नाव एक, टोपीवाल्याचं, कारण तो आधी आला होता. अकरा वर्षं एका खाटेवर झोपले, पण दोघं एकमेकांशी बसून कधी बोलले नव्हते. एक उठायचा तेवढ्यात दुसरा आडवा व्हायचा. रविवारी लूमचे संचे बंद असले की एक जण मार्केटात जाऊन दिवसभर हिंडायचा. इथे आल्यावर पहिल्यांदा त्यांना एकमेकांच्या गावची नावं कळली.

"आमाले वाटनं सरकारबी तशेच लिखस," टोपीवाला म्हणाला. सरकारही तसंच लिहितं असं त्यांना वाटलं. खाटेला एक नाव.

मी त्या हडकुळ्या माणसाला म्हटलं, "पिशवी खाली ठेव आणि बस." तो बसला नाही. मग माझा नेहमीचा आवाज काढून म्हटलं, "बस!" तेव्हा तो बाकावर बसला, पहिलीच्या मुलांच्या बाकावर, गुडघे छातीला लावून.

मी झोन ऑफिसला फोन केला. तिथला माणूस म्हणाला की मॅडम चार वाजता तपासणीला येणार आहेत, यादीप्रमाणे माणसं दिसायला हवीत, आणि तुमच्या शाळेची मर्यादा अठ्ठेचाळीसचीच आहे. त्याचंही बरोबर होतं. यादी मीच केली होती. अडीच वाजले होते. दीड तासात या माणसाला यादीत तरी बसवायचं, नाहीतर फाटकाबाहेर काढायचं. बाहेर रस्ते मोकळे होते आणि पोलीस फिरत होते. पुलाखाली जाऊन हा एकटा बसला असता, आणि दोन दिवसांनी खायला निम्मंही मिळालं नसतं. फाटक त्याला माझ्या हाताने उघडून द्यावं लागणार होतं.

मी घरी फोन केला. का केला, सांगता येत नाही. आबा म्हणाले, काय झालं? मी सांगितलं.

"जोडीखाट शे ती," ते म्हणाले. "तुले समजनं नही? तू शाळा शिकाडस ना?"

मी म्हटलं, मला कसं समजणार?

"मी नऊ वरीस तशाच झोपनू. तुनी माय गावले व्हती तवय. खाट दुसराना नाववर व्हती. मन्हं नाव कोठेच नव्हतं."

मी फोन कानाला लावून व्हरांड्यात उभी राहिले. चाळीस वर्षं मी या माणसाच्या घरात जेवत होते. त्यांनी संचे चालवले हे माहीत होतं, मेसमध्ये राहिले हे माहीत होतं. खाट कोणाच्या नावावर होती हे मी कधी विचारलं नव्हतं. आणि मी टेबल मांडून नावं लिहायला बसले होते, आमच्याच माणसांची, आमच्याच भाषेत. परक्या कोणी ही चूक केली असती तर मी त्याला फाडून खाल्लं असतं.

"आखो कितला शेतस ते इचार," आबा म्हणाले. आणखी किती आहेत ते विचार. "एकच जोडी नसी."

मी वर्गावर्गात गेले. हात वर करायला सांगितला, मुलांना सांगते तसं. जोडीखाटेवर कोण आहे? सुरुवातीला कोणी हात वर केला नाही. मग टोपीवाल्याने त्याचा तुटक्या अंगठ्याचा हात वर केला आणि मोठ्याने म्हणाला, सांगा, बेन ओरडेल पण काढणार नाही. मी त्याला तसा शब्द दिलेला नव्हता. पण त्याने तो सगळ्यांसमोर देऊन टाकला होता आणि आता मला तो परत घेता येत नव्हता. एकेक हात वर झाला. अकरा चौकोनांत दोन-दोन माणसं निघाली. माझ्या यादीबाहेरची अकरा माणसं, बारा दिवस निम्म्या पाकिटावर जगलेली, माझ्या डोळ्यांसमोर.

चार वाजता मॅडम आल्या. झोनच्या अधिकारी, गुजराती, माझ्याहून लहान, पायात बूट, तोंडावर दोन मास्क, डोळ्यांखाली काळं. दिवसभरात त्यांची ही सातवी-आठवी शाळा असावी. मी भांडायच्या तयारीनेच उभी होते. काय बोलायचं ते मनात तीनदा म्हणून घेतलं होतं. नोटीस द्या, बदली करा, पण यांना मी बाहेर काढणार नाही, असा सगळा मजकूर होता. त्यांनी यादी पाहिली, माणसं पाहिली, आणि विचारलं, "बेन, आ शुं छे?" हे काय आहे.

मी सांगितलं. अर्धं हिंदीत, अर्धं गुजरातीत, आणि राग आला तिथे मराठीत. माझी चूक झाली हे आधी सांगितलं, कारण ते नंतर सांगायला जमलं नसतं. त्यांनी ऐकून घेतलं. बाकावरच्या त्या हडकुळ्या माणसाकडे एकदा पाहिलं. मग कोणाला तरी फोन लावला, त्याला म्हणाल्या की आजच्या आज अकरा गाद्या पाहिजेत, रात्रीआधी, आणि जेवण एकोणसाठ माणसांचं. मग मला म्हणाल्या, "उपरना रूम खोलावो. किसी को बाहर नहीं जाना है."

माझं भाषण माझ्याजवळच राहिलं. मला जरा रागच आला, इतकी तयारी वाया गेली म्हणून. आणि त्याच वेळी मला खडू आणायच्या निमित्ताने वर्गात जावं लागलं. मी या पालिकेत नोकरी करते. हे वाक्य मी पगाराच्या दिवशी सोडून कधी अभिमानाने म्हटलं नव्हतं. त्या दिवशी म्हटलं.

वरच्या मजल्यावर मी पुन्हा चौकोन आखले. जोडीतल्या बावीस जणांची तपासणी झाली, दोन दिवसांनी निकाल आले, सगळे ठीक निघाले. पण ते नंतर. त्याआधी मॅडमनी वहीचं कोरं पान उघडलं, बाकावर त्या माणसासमोर बसल्या आणि विचारलं, नाम?

त्याने टोपीवाल्याचं नाव सांगितलं.

टोपीवाला म्हणाला, "आरे, तुन्हं नाव सांग. तुन्हं."

तो घुटमळला. मॅडम पेन धरून थांबल्या, बाहेर गाडीचा ड्रायव्हर हॉर्न वाजवत होता, तरी थांबल्या. मग त्याने नाव सांगितलं. पुढे बापाचं नाव, मग आडनाव, मग गाव, तालुका, जिल्हा, सगळं एका दमात, जणू मध्ये थांबला तर कोणी वही मिटेल. ते नाव मी इथे लिहीत नाही, पण ते मला आजही पाठ आहे. मॅडमना मराठी आडनाव लिहिता येईना, तेव्हा मी त्यांच्या हातातून पेन घेतलं आणि मी लिहिलं. चौकोन नंबर एकोणपन्नास.

निवारा पुढे आणखी काही आठवडे चालला. मग बसगाड्या सुटल्या, माणसं गावाला गेली. जाताना प्रत्येकाला इथे राहिल्याचा दाखला दिला, मॅडमची सही आणि शाळेचा शिक्का असलेला. एकोणपन्नास नंबरवाल्याने तो घडी न घालता पिशवीत उभा ठेवला. शाळा धुतली, चौकोन पुसले गेले, मुलं आली. भांडखोर म्हातारीला शहराच्या कायमच्या रात्र-निवाऱ्यात जागा मिळाली. तिथलेही लोक आता तिला ओळखतात.

दिवाळीच्या आधी एका दुपारी दोघं शाळेच्या फाटकाशी आले. लूम सुरू झाले होते. टोपीवाल्याने मला अर्धा किलो पेढे दिले आणि मी अर्धा किलो पेढ्यांसाठी त्याला झापलं. खाट मिळाली का, मी विचारलं. मिळाली, नव्या मेसमध्ये, एकच. भाडं परवडत नाही, तर दोन कुठून घेणार? पुन्हा दिवसपाळी, पुन्हा रातपाळी. माझा चेहरा पडला असावा. मला वाटलं होतं, सगळं बदललं.

तेव्हा एरवी फारसा न बोलणारा तो हडकुळा माणूस बोलला. मेसवाल्याने वही उघडली आणि म्हणाला, खाट कोणाच्या नावावर? टोपीवाल्याने नेहमीसारखं तोंड उघडलं, तर याने त्याचा हात धरला.

"म्या म्हनलं, दोघायचं लिही. तो म्हने, एका खाटेला एकच नाव, असंच असतंय. म्या दाखला काढला, त्याच्या म्होरं ठिवला. म्हनलं, सुरत शहरानं माझं नाव लिहिलंय. तुला काय धाड भरली लिहायला?"

"आणि?"

"लिहिलं की."

घरी येऊन मी आबांना हे सांगितलं. ते पेढा खात होते. खायचे थांबले.

"पुरं लिखं का?" त्यांनी विचारलं. "बापना नावसंगे?"

"पूर्ण, आबा. बापाच्या नावासकट."

त्यांनी हातातला अर्धा पेढा बशीत ठेवला. मग म्हणाले, "मन्हं बी लिख." मी वही आणली, पेन आणलं, आणि त्यांनी सांगितलं तसं त्यांचं नाव, त्यांच्या बापाचं नाव, त्या मेसचा पत्ता आणि ती नऊ वर्षं लिहिली.